आत्याच्या भट्टीची काजळी

१७ जानेवारी २०१९
नवी वस्ती, लक्सरचा पश्चिम काठ

आत्या, सलाम अलैकुम.

आता तुला उत्तर द्यावंच लागेल. हवं तर मनातल्या मनात दे. सलाम परतवला नाही तर पाप लागतं, हे तूच मला शिकवलंस.

फोन केला की तू तो सफा वहिनीच्या हातात देतेस. पत्राचं तसं करता येणार नाही, कारण ते आधीच तिच्या हातात आहे. वहिनी, मोठ्यानं वाच. आत्या उठून स्वयंपाकघरात गेली तर मागोमाग जा आणि तिथे वाच.

इकडे सगळे बरे आहेत. बाबांचा कारखाना चालू आहे. पांढऱ्या दगडाच्या फुलदाण्या कातून कातून त्यांच्या भुवयासुद्धा पांढऱ्या झाल्यात. परवा म्हणाले, "बहीण माझी सोन्यासारखी, पण डोकं आपल्या गाढवाचं. एकदा अडून बसली की बसली." हे तिला लिहू नकोस असं बजावलं, म्हणून लिहिलं.

आणि माझी नोकरी. हा शब्द आला की तू पाणी प्यायला उठतेस, असं वहिनी सांगते. पिऊन ये, मी थांबते.

मी सध्या फॅरोंच्या काळातली एक कबर साफ करते आहे, आपल्या जुन्या टेकडीवरची. भिंती वरपासून खालपर्यंत काळ्या आणि तेलकट. काडीला कापूस गुंडाळायचा, भिजवायचा, आणि नखाएवढी जागा पुसायची. मग नवा कापूस. कधी तो औषधात भिजवतात, कधी चक्क थुंकीत. थुंकी औषधापेक्षा सौम्य असते, खरंच. पण हे उम्म हसनैनच्या कानावर गेलं, आणि तुझ्या त्या मैत्रिणीचं तोंड तुला माहीत आहे. सगळ्या गल्लीसमोर म्हणाली, "चार वर्षं विद्यापीठात जाऊन थुंकायला शिकलीस? आमचा म्हातारा न शिकता दिवसभर थुंकतो, त्याला लावून दे नोकरी!"

हसलीस ना? वहिनी, हसली का ते मला कळव.

आत्या, तुला वाटतं मी त्यांच्यातली झाले, आपल्याला टेकडीवरून उठवणाऱ्यांतली. मला वाटतं, आपली टेकडी साऱ्या जगाला दाखवतात, फक्त तिच्यावर जन्मलेल्यांना दाखवत नाहीत. उम्म हसनैनचा सारा जन्म थडग्यांच्या डोक्यावर गेला, पण एकाही रंगवलेल्या भिंतीसमोर ती उभी राहिलेली नाही. हे मला बदलायचं आहे. यावर मात्र हसू नकोस.

कोणती कबर, ते विचारू नकोस.

तुझी,
दुहा

४ फेब्रुवारी २०१९

आत्या, सलाम अलैकुम. आधीच्या सलामाची उधारी बाकी आहेच.

वहिनी सांगत होती, पत्र संपल्यावर तू एवढंच म्हणालीस, "कोणती कबर?" आणि मसूर निवडायला बसलीस. निवडलेलेच मसूर पुन्हा निवडलेस, असंही ती म्हणाली.

मग ऐक. तुझीच.

म्हणजे तुझ्या घराची मागची खोली. घर आता नाही, पण दाराचा उंबरा आहे आणि भट्टीचं मातीचं बूड अजून जागच्या जागी आहे. मागे खडकात कोरलेली ती खोली तशीच, जिथे तू धान्याचे रांजण आणि हंस ठेवायचीस. आई गेल्यावर तू मला टेकडीवर आणलंस तेव्हा उन्हाळाभर मी तिथेच निजायचे, गार असायची म्हणून. हंस माझ्या वेण्या ओढायचे. त्या काळ्या भिंतींमागे कोणी आहे, हे तेव्हा आपल्याला कुठे ठाऊक होतं? आपल्यासाठी ती मागची खोली होती, बस.

कबरी मोकळ्या करायच्या म्हणून सरकारनं टेकडीवरची वस्ती हलवली, तो दिवस मी विसरलेले नाही. तो कोटवाला अधिकारी उंबऱ्यात उभा राहून म्हणाला, "बाई, तुमच्या भट्टीनं तीन हजार वर्षं खाल्ली." तू काहीच बोलली नाहीस. तू, जी सरपंचालासुद्धा उभ्या उभ्या ऐकवायचीस! तुला गप्प झालेलं मी तेव्हा एकदाच पाहिलं. घर गेल्याचं दुःख तू पचवलंस, आत्या. ते वाक्य पचवलं नाहीस, असं मला वाटतं. नाहीतर नव्या वस्तीतलं घर सोडून तू मुलाकडे, जाबिरदादाकडे इस्माइलियाला का गेली असतीस?

मीसुद्धा त्याच वाक्यामागे विद्यापीठात गेले. ते खरं आहे का, ते मला बघायचं होतं. पण मी त्या अधिकाऱ्याच्याच पुरातत्त्व खात्यात नोकरी धरली तेव्हा तू निरोप पाठवलास, "त्यांच्या पंगतीत बसलीस, आता तुला आत्या नाही." बरं. पण आत्याच्या भट्टीवरचा डाग पुसायचा, तर त्याच पंगतीत बसावं लागलं.

आता गंमत ऐक. दाराच्या वरच्या पट्टीवरची काजळी निघाली आणि त्याचं नाव वाचता आलं. नेबसेन. बायको हेनुत. आणि त्याचा हुद्दा काय असेल? देवळाच्या हंसांचा रखवालदार!

तुझे हंस हंसवाल्याच्याच खोलीत राहत होते, आत्या! मी शिडीवर एकटीच इतकी हसले की बाहेरचा पहारेकरी सय्यद धावत आला. "काय झालं? भूत दिसलं का?"

"नाही रे," म्हटलं, "शेजारी दिसला."

दुहा

२३ फेब्रुवारी २०१९

आत्या, सलाम अलैकुम.

आज घाईत लिहितेय, अक्षर वाईट येईल. वहिनी, सांभाळून घे.

डावी भिंत मोकळी झाली. सगळी. चेहरे जसेच्या तसे आहेत. डोळ्यांतलं काजळ, कानातल्या कड्या, हंसांच्या पायांची लाली, सगळं आहे. कालच रंगवून कोणी हात धुवायला बाहेर गेलाय असं वाटतं.

शेजारच्या कबरींत काय आहे ते तुला सांगायला नको. तिथे चेहऱ्यांच्या जागी चौकोनी खड्डे आहेत. जुन्या काळी चोर करवतीनं चेहरे कापून न्यायचे आणि विकायचे. तुझ्या खोलीतलं एक नखसुद्धा गेलेलं नाही. का? कारण तिथे कापण्यासारखं काही आहे हे कोणाला दिसलंच नाही. तुझी आणि तुझ्या सासूची आणि तिच्याही सासूची भट्टी त्या भिंतींवर काळा पदर धरून उभी होती. आणि खालच्या रंगाला काजळीनं धक्का लावलेला नाही. आमच्या रसायनवाल्या बाईंनी तपासून सांगितलं.

कळलं ना? तुझ्या भट्टीनं काही खाल्लं नाही. तिनं राखलं.

मी तशीच पळत आमच्या लुत्फीसाहेबांकडे गेले. ते इथले मुख्य निरीक्षक. माणूस वाईट नाही, पण त्यांच्या शर्टाच्या घडीला घाम माहीत नाही. कबरीबाहेर लावायच्या पाटीचा मजकूर त्यांनी आधीच तयार ठेवलेला. त्यात होतं, "आधुनिक वस्तीच्या धुरामुळे चित्रांची मोठी हानी झाली."

"साहेब, हे खोटं आहे."

"धूर होता की नव्हता?"

"होता."

"वस्ती होती की नव्हती?"

"होती, पण हानी कुठे आहे?"

"दुहा, पाटी आहे ती. तुमच्या घरचं लग्नाचं गाणं नाही."

मी हटले नाही. गाढवाचं डोकं घराण्यातच आहे, बाबांना विचार. शेवटी त्यांनी एक अट घातली. तिकिटं लावून कबर उघडण्याआधी एक दिवस नव्या वस्तीतल्या बायकांना ती फुकट दाखवायची, हे मी त्यांच्याकडे कधीचं मागत होते. ते म्हणाले, "दाखवा. पण गोंधळ झाला नाही, भिंतीला बोट लागलं नाही, नियम मोडला नाही, तर पाटी तुम्ही लिहा. झाला गोंधळ, तर हीच पाटी लागेल आणि असे दिवस पुन्हा मागायचे नाहीत."

दिवस ठरला आहे गुरुवार, १४ मार्च. मी घरोघर जाऊन सांगितलं. उम्म हसनैन म्हणाली, "गुरुवारी? शाबास पोरी, दिवस चांगला निवडलास. तुझ्या बदीआ आत्यानं वळण चांगलं लावलं तुला." एवढं कौतुक कशासाठी ते कळलं नाही, पण घेतलं.

आत्या, तू ये. कैरोहून रात्रीची गाडी आहे. मी स्टेशनवर असेन.

दुहा

१५ मार्च २०१९

आत्या, सलाम अलैकुम.

तू आली नाहीस. मी पहाटे स्टेशनवर होते. एका म्हातारीला तू समजून हाक मारली, तिनं मला पेरू दिला. ते असो.

काल काय झालं ते सांगते. बसून ऐक.

मी नवा गुलाबी रुमाल बांधून कबरीच्या अंगणात उभी होते. हातात कागद. शुद्ध भाषेत भाषण लिहिलं होतं, चांगलं लांबलचक. शेजारी लुत्फीसाहेब, इस्त्री केलेले. आणि खालून चढणीवर बायका दिसल्या. काळे झगे, सगळ्यांच्या डोक्यावर टोपल्या, हातात खजुराच्या हिरव्या झावळ्या.

तुला एव्हाना कळलं असेल. रजब महिन्याचा पहिला गुरुवार! वर्षातून या दिवशी सगळ्या बायका आपल्या मेलेल्या माणसांना भेटायला भाकऱ्या घेऊन कबरींवर जातात, आणि मी खात्याच्या कॅलेंडरातून तारीख उचलून त्यांना म्हटलेलं, "गुरुवारी कबरीवर या." तू जवळ असतीस तर आदल्या दिवशी मला पीठ मळायला बसवलं असतंस, म्हणजे चूक तेव्हाच कळली असती.

"हे काय आहे?" लुत्फीसाहेब म्हणाले.

"भाकरी," मी म्हटलं.

"आत अन्न न्यायला बंदी आहे! मुंग्या, बुरशी, उंदीर! दुहा, तुम्हाला नियम माहीत आहेत!"

उम्म हसनैन धापा टाकत वर पोचली. टोपली उतरवली, कमरेवर हात ठेवले. "साहेब, बंदी कसली? कबरीवर रिकाम्या हातानं यायचं? आम्ही काय रस्त्यावर वाढलो?"

"बाई, हा माणूस मेला त्याला तीन हजार वर्षं झाली!"

"मग तर बिचारा किती भुकेला असेल!"

मागून कोणीतरी विचारलं, "पण हा मुसलमान होता का गं?"

"तो इस्लामच्या आधी गेला," मी म्हटलं.

"मग त्याचा हिशोब अल्लाजवळ," उम्म हसनैन म्हणाली, "भाकरी जित्यांसाठी आहे." आणि तिनं टोपलीवरचं फडकं बाजूला केलं. तुझ्या हातच्यासारख्या भाकऱ्या, आत्या, उन्हात फुगवलेल्या, कडेला चिरा दिलेल्या. वासानं सय्यद पहारेकरी जागा सोडून आला.

लुत्फीसाहेब काही बोलणार तोच तिनं एक अख्खी भाकरी त्यांच्यासमोर धरली. "आई आहे?"

ते गडबडले. "नाही. गेली."

"नाव काय होतं?"

मला वाटलं, आता ओरडतात. पण साहेब मूळचे आपल्या दक्षिणेतल्याच सोहागकडचे. मेलेल्या आईच्या नावानं दिलेली रहमतची भाकरी तिकडेही कोणी नाकारत नाही. "ज़ीनात," ते म्हणाले. आवाज एकदम लहान झाला.

"ज़ीनातवर अल्लाची रहमत असो. घे, लेकरा."

लेकरा! इस्त्रीवाल्या साहेबांना! त्यांनी दोन्ही हातांनी भाकरी घेतली आणि तिथेच, तुझ्या भट्टीच्या बुडावर बसून खाल्ली. शर्टावर चुरा पडला, तो झटकलासुद्धा नाही.

मग त्यांनीच तोडगा काढला. टोपल्या अंगणात राहतील, बायका आत जातील. सगळ्या तयार झाल्या. झावळ्या उंबऱ्यावर ठेवल्या आणि थोड्या थोड्या करून आत आल्या. मी कागद उघडला. दोन ओळी वाचल्या असतील. उम्म हसनैन म्हणाली, "ए दुहा, बातम्या देतेयस का? आपल्या बोलीत सांग." मी कागद खिशात घातला आणि तू संध्याकाळी उंबऱ्यावर बसून सांगायचीस तसं सांगितलं. हा नेबसेन, ही हेनुत, हा त्यांचा थोरला, याचा स्वभाव मला जरा आगाऊ वाटतो.

हेनुतचा हात नवऱ्याच्या खांद्यावर आहे. ते बघून कोणीतरी म्हणालं, "बघा, बघा! माझा नवरा लग्नाच्या फोटोतसुद्धा एवढा जवळ बसला नव्हता." दुसरी म्हणाली, "तिनं धरून ठेवलाय. सोडला तर जाईल हंसांकडे." खोलीत असा हशा पिकला की मला भिंतींची काळजी वाटली. पण एकीनंही बोट लावलं नाही. हात मागे बांधून उभ्या होत्या, मशिदीत नव्या कपड्यांतली पोरं उभी राहतात तशा.

मग मी डाव्या भिंतीवर दिवा धरला.

तिथे बायकांची रांग आहे, आत्या. सणाला कबरीवर निघालेल्या बायका. डोक्यावर टोपल्या, टोपल्यांत गोल भाकऱ्या, हातात झावळ्या. रांगेच्या शेवटी एक लहान मुलगी आहे, आणि तिच्या मागे लागलेला एक हंस.

हशा थांबला. उम्म हसनैन पुढे झाली, रांगेतल्या पहिल्या बाईला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं, आणि हळूच म्हणाली, "अगं, ही आपण."

मी रडले. तू मला सांगितलं होतंस की चारचौघांत रडायचं नाही, पण रडले. दारात लुत्फीसाहेब उभे होते. ते त्या रांगेकडे बघत होते, मग अंगणातल्या टोपल्यांकडे, मग पुन्हा रांगेकडे. जाताना मला म्हणाले, "गोंधळ झाला."

"हो साहेब."

"नियमही जवळजवळ मोडला."

"जवळजवळ, साहेब."

"पाटी लिहून आणा," ते म्हणाले. "आणि पुढच्या वर्षी याच दिवशी ठेवा."

दुहा

२ एप्रिल २०१९

आत्या, सलाम अलैकुम.

पाटी लागली. फोटो वहिनीच्या फोनवर पाठवला आहे, पण तुला वाचून दाखवायला मजकूर इथे लिहिते:

"हंसांचा रखवालदार नेबसेन आणि त्याची पत्नी हेनुत यांची कबर. हिच्या दारात बदीआ अब्दुस्समी यांचं घर होतं. त्यांच्या आणि त्यांच्या आधीच्या बायकांच्या भट्टीच्या काजळीनं ही चित्रं झाकून ठेवली, म्हणून ती चोरांपासून वाचली."

तुझ्या हंसांवरही एक वाक्य होतं. लुत्फीसाहेबांनी ते काढलं. म्हणाले, एवढं पुरे.

या खेपेला तुला ये म्हणत नाही. एवढं कळवायचं होतं.

दुहा

१९ एप्रिल २०१९
नवी वस्ती

सफा वहिनी,

हे पत्र तुझ्यासाठी आहे. कोणाला वाचून दाखवायचं नाही, कारण ऐकणारी माझ्याशेजारी बसली आहे आणि मी काय लिहिते त्यावर डोळे वटारून आहे. वाचता येत नाही, तरी.

जाबिरदादानं तिला गाडीत बसवून दिल्याचं तू मला मुद्दाम सांगितलं नाहीस ना? लबाड आहेस.

काल दुपारी मी आत शिडीवर होते. बाहेर आवाज आला. सय्यद कोणालातरी तिकीट विचारत होता.

"तिकीट?" त्या आवाजानं माझ्या हातातला कापूस खाली पडला. "माझ्या घराच्या मागच्या खोलीत जायला तिकीट? तुझा बाप इथे माझ्या हातचं कालवण खाऊन वाढला, त्याचं तिकीट काढलं होतं का त्यानं?"

मी उतरेपर्यंत ती आत आली होती. माझ्याकडे बघितलंच नाही. कमरेवर हात ठेवून नेबसेनसमोर उभी राहिली, कितीतरी वेळ. मग म्हणाली, "तू होतास होय इथे? एवढी वर्षं माझा धूर खाल्लास आणि एकदा खोकलासुद्धा नाहीस."

हेनुतला मान लववून सलाम केला. रांगेतल्या बायका एकेक करून बघितल्या. शेवटच्या लहान मुलीपाशी थांबली आणि मागे न वळता म्हणाली, "ही वेणी कुणी घातलीय हिची? हंस ओढणारच."

मग मला बाहेर ओढत नेलं आणि पाटी वाचायला लावली. वाचली. "पुन्हा." पुन्हा वाचली. तेवढ्यात एक वाटाड्या दोन जर्मन पाहुण्यांना घेऊन आला. तिनं त्याला अडवलं आणि त्याच्याकडूनही वाचून घेतली, मी तिला फसवत तर नाही ना ते बघायला. पाहुण्यांना त्यांच्या भाषेत सांगायला लावलं. मग स्वतःच्या छातीवर बोट ठेवून म्हणाली, "बदीआ." त्या जर्मन बाईंनी हात मिळवला. आत्यानं तो बराच वेळ सोडला नाही.

सगळे गेल्यावर ती भट्टीच्या बुडावर बसली. मी जरा लांब उभी राहिले. "उभी काय राहिलीस पाहुण्यासारखी?" म्हणाली. मी बसले. तिनं माझी बोटं हातात घेतली, नखांतलं काळं बघितलं. "माझीच काजळी," म्हणाली, आणि आपल्या रुमालाच्या टोकाला थुंकी लावून पुसायला लागली.

आता ती सांगते आहे ते लिहिते, शब्दाला शब्द:

सफा, जाबिरला सांग मी पोचले. माझी वाट बघू नका. माझं घोंगडं पाठव, आणि भाकरी फुगवायच्या मातीच्या थाळ्या पाठव, गवतात नीट गुंडाळून, एकही फुटता कामा नये. तुमच्या इस्माइलियाच्या उन्हात भाकरी कधी नीट फुगलीच नाही, मी बोलले नाही एवढंच. माझ्या भावाकडे, खलफकडे, दगडाच्या धुळीशिवाय घरात काही नाही, आणि ही पोर काडीसारखी झालीय. उम्म हसनैनकडून हंसाची पिल्लं घ्यायचं बोलणं झालंय. पाटीवर हंसांचं राहिलंय, त्या साहेबाला मी भेटणार आहे.

आणि हिनं जानेवारीपासून मला सलाम पाठवलेत. किती ते हिलाच माहीत. सगळ्यांचं मिळून लिही:

व अलैकुम सलाम, पोरी.